मांडीवर बसलेली मांजर चावते तेव्हा

विचारलेला प्रश्न असा: घरी नऊ वर्षांची देशी मांजर आहे, मनी. नसबंदी झालेली. आपणहून मांडीवर येते, घुरघुरते आणि हात फिरवता फिरवता एकदम चावते. पोट वर करून लोळते, पण पोटाला हात लावला की चारही पायांनी हात धरते. सहा महिन्यांपूर्वी बोक्याचं एक पिल्लू आणलं. दोघांची भांडणं होत नाहीत. मनी हल्ली बरीच शांत झाली आहे, ओट्यावर चढायचंही सोडलं आहे, "तेवढी एक कटकट मिटली". तर ती मुळात रागीट आहे, की तिचं म्हणणं आम्हालाच कळत नाही?

रागीट नाही. चावण्याआधी ती भरपूर खुणा करते. त्या शेपटीच्या टोकाला, कानांच्या वळणात आणि पाठीच्या कातडीवर दिसतात, आणि आपलं लक्ष त्या वेळी टीव्हीत किंवा मोबाइलमध्ये असतं. पण तुमच्या प्रश्नात मी सगळ्यात आधी थांबलो तो ओट्यापाशी. नऊ वर्षांच्या मांजरीने उडी मारणं सोडलं की तिला वळण लागलं असं मी कधीच धरत नाही. चावणं आणि ओटा सोडणं यांचा एकमेकांशी संबंध असू शकतो, म्हणून दोन्ही जरा सावकाश बघू.

आधी चावण्याचं. आज संध्याकाळी ती मांडीवर आली की हात नेहमीसारखा फिरवा, पण नजर शेपटीवर ठेवा. सुरुवातीला शेपटी सैल पडलेली असेल. थोड्या वेळाने फक्त टोक वळवळेल. मग अर्धी शेपटी हलू लागेल आणि तुमच्या मांडीवर किंवा सोफ्यावर आपटायला लागेल. कुत्रा शेपटी हलवतो तो आनंद इथे शोधू नका. मांजरीची आपटणारी शेपटी म्हणजे तिला आता हे नको झालंय. त्याच सुमाराला पाठीची कातडी एकदा-दोनदा थरथरते. पुढे बघणारे कान बाजूला वळतात आणि मागे झुकू लागतात. घुरघुर थांबते. अंग किंचित ताठ होतं. मान तुमच्या हाताकडे वळते आणि ती हाताकडे बघत राहते. दात त्यानंतर लागतात. हा सगळा प्रवास कधी अर्ध्या मिनिटाचा असतो, कधी चार-पाच सेकंदांचा. ज्या घरात आधीच्या खुणांना कुणी दाद देत नाही तिथे मांजर मधल्या पायऱ्या गाळायला शिकते, आणि मग चावा खरोखरच अचानक आल्यासारखा वाटतो.

असं का होतं? मांजरी एकमेकींना चाटतात ते मुख्यतः डोकं आणि मान, तेही थोडा वेळ. डोक्यापासून शेपटीपर्यंत लांबच लांब हात फिरवणं ही माणसाची आवड आहे. गाल, हनुवटी, कान आणि डोळा यांच्यामधली जागा इथे तिच्या गंधग्रंथी असतात. तिथे बोटं घासलेली बहुतेक मांजरींना आवडतात. शेपटीच्या मुळाशी आणि पोटावर हात लावलेला बहुतेकींना आवडत नाही. ब्रिटनमधल्या नॉटिंगहॅम ट्रेंट विद्यापीठाच्या संशोधकांनी बॅटर्सी या प्राणी-निवारा संस्थेत 2021 साली प्रसिद्ध झालेला एक अभ्यास केला. त्यात लोकांना अगदी साध्या सूचना दिल्या होत्या: जवळ यायचं की नाही हे मांजरीला ठरवू द्या, तिच्या अंगाकडे लक्ष ठेवा, आणि हात डोक्याच्या भागातच ठेवा. एवढ्यावर मांजरी कमी चिडल्या आणि लोकांशी जास्त लाडाने वागल्या. माझा रोजचा अनुभवही हाच आहे. दवाखान्यात टेबलावर गुरगुरणारी मांजर मी हात मागे घेतला आणि बोट तिच्या नाकाच्या पातळीवर स्थिर धरलं, तर पुष्कळदा स्वतःच गाल घासते.

घरी करायचं ते असं. तीन सेकंद गाल-हनुवटी खाजवा आणि हात काढून घ्या. तिने डोकं पुढे केलं, हाताला ढुशी दिली, तर आणखी तीन सेकंद. ती नुसती बसून राहिली किंवा तोंड फिरवलं, तर झालं. बसू दे मांडीवर, हात लावायची गरज नाही. मांडीवर येणं म्हणजे ऊब आणि सोबत हवी असणं. कुरवाळून घ्यायचंच असतं असं नाही.

पोटाचं थोडक्यात. पोट वर करून लोळणं ही विश्वासाची खूण आहे. सगळ्यात नाजूक भाग तिने तुमच्यासमोर उघडा टाकला. हात लावण्याचं ते आमंत्रण नव्हे. हात लागला की चारही पाय आवळले जातात, ते संरक्षण आहे, बऱ्याच वेळा खेळही. काही मांजरींना पोटावर हात चालतो. मनीला चालत नाही, एवढं कळलं की पुरे.

आता मला तुमच्याकडून एक गोष्ट हवी आहे. ती चावते तेव्हा तुमचा हात नेमका कुठे असतो? चार-पाच वेळा लक्षपूर्वक बघा. हात मानेवर असो, पाठीवर असो, बराच वेळ फिरवल्यावरच चावत असेल तर वर सांगितलं ते कारण. पण दर वेळी हात कमरेवर किंवा शेपटीच्या मुळाजवळ पोचल्यावरच चावत असेल, आणि पूर्वी तिथे हात चालत असेल, तर तिथे दुखत असण्याची शक्यता मी आधी धरेन. पिसवांची खाजही तिथेच असते; केस उलटे करून कातडीवर काळे बारीक कण दिसतात का बघा, ओल्या पांढऱ्या कापसावर ते लालसर उतरले तर पिसवा आहेत.

सांधेदुखी मांजरीत किती असते याची बऱ्याच जणांना कल्पना नसते. अमेरिकेत 2002 साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात बारा वर्षांवरच्या 100 मांजरींचे एक्स-रे तपासले होते. 90 मांजरींत सांध्यांची किंवा मणक्याची झीज सापडली. मनी बारा वर्षांची नाही, पण झीज एका दिवसात होत नाही. कुत्रा लंगडतो आणि आपण त्याला दवाखान्यात नेतो. मांजरीत बहुधा दोन्ही बाजूंचे सांधे दुखतात, म्हणून लंगडायला चांगली बाजूच उरत नाही. ती फक्त कमी करते. कमी उड्या, कमी खेळ, कमी फिरणं. घरातले म्हणतात, वयाने शहाणी झाली.

तिला उडी मारताना बघा. पूर्वी ती जमिनीवरून थेट ओट्यावर जात असेल. आता आधी स्टुलावर, मग ओट्यावर जाते का? काठाशी उभी राहून खाली-वर बघते, मागचे पाय जुळवते आणि विचार बदलते का? चढताना पुढच्या पंजांनी अंग ओढून घेते का? उतरताना धप्प आवाज येतो का? कमरेजवळचे केस गुंतलेले किंवा कोंडा धरलेले आहेत का, कारण मान वळवून तिथे चाटणं जड जातं? नख्या फरशीवर टकटक वाजतात का? लिटर ट्रेच्या उंच कडेवरून आत जाणं टाळून बाहेरच शी करते का? यातल्या दोन-तीन गोष्टी जुळल्या तर तपासणी करून घ्या. शांत होण्यामागे दातांचं दुखणं असू शकतं, किडनीचा आजारही असू शकतो. या वयात रक्त-लघवीची तपासणी वर्षातून एकदा व्हायलाच हवी. पाणी जास्त पितेय का आणि लिटरमधले लघवीचे गोळे मोठे झालेत का, हेही बघून ठेवा.

चेहरा वाचण्याची एक चांगली पद्धत कॅनडातल्या मॉन्ट्रियल विद्यापीठाच्या पशुवैद्यकांनी 2019 मध्ये मांडली. ती डॉक्टरांसाठी असली तरी घरच्यांना सहज जमते. पाच गोष्टी बघायच्या: कान, डोळे, तोंडाचा पुढचा भाग, मिशा आणि डोक्याची पातळी. आरामात असलेल्या मांजरीचे कान पुढे, डोळे उघडे, तोंड गोलसर सैल, मिशा सैल आणि किंचित खाली वळलेल्या, डोकं खांद्यांच्या वर. दुखत असलेल्या मांजरीचे दोन्ही कान एकमेकांपासून लांब जातात आणि बाहेरच्या बाजूला वळतात, डोळे किलकिले होतात, तोंड आवळून लंबगोल होतं, मिशा सरळ ताठ होऊन पुढे येतात आणि डोकं खांद्यांच्या खाली झुकतं. प्रत्येकाला शून्य, एक किंवा दोन गुण, एकूण दहा. चार किंवा जास्त आले तर वेदनाशामक द्यायचं का याचा विचार डॉक्टर करतात. मांजर झोपलेली, खात असलेली किंवा अंग चाटत असलेली असताना गुण देऊ नका; जागी असेल आणि कुणी छेडत नसेल तेव्हा बघा. हेही लक्षात ठेवा की ही मोजपट्टी मुख्यतः तीव्र दुखण्यासाठी आहे. जुनी सांधेदुखी चेहऱ्यावर कमी दिसते आणि हालचालीत जास्त.

इथे हात जोडून एक सांगतो. दुखतंय असं वाटलं म्हणून घरातली पॅरासिटामॉलची गोळी तिला कधीही देऊ नका, पाव तुकडाही नाही. मांजरीच्या यकृताला ते औषध निरुपद्रवी करता येत नाही. रक्तातल्या लाल पेशी निकामी होतात, चेहरा आणि पंजे सुजतात आणि मांजर जाते. लोक मायेपोटी गोळी देतात आणि मग धावत येतात, म्हणून इतक्या स्पष्टपणे लिहितोय.

घुरघुरते म्हणजे बरी आहे, हेही धरून चालू नका. मांजर सुखात घुरघुरते, तशी पिल्लं देताना, तापात, हाड मोडलेलं असतानाही घुरघुरते. खाणं मागताना तर ती त्या घुरघुरीत एक बारीक, रडका सूर मिसळते. इंग्लंडमधल्या ससेक्स विद्यापीठाच्या संशोधकांनी 2009 मध्ये हे ध्वनिमुद्रणांवरून दाखवलं होतं. सकाळी सहाला उशाशी येणारा आवाज तो. तेव्हा घुरघुर ऐकू आली की बाकीचं अंग काय सांगतंय ते बघायचं. पाय पोटाखाली घेऊन, डोळे अर्धे मिटून, मान सैल सोडून बसली असेल तर छान. पण चारही तळवे जमिनीला टेकलेले, पाठ वर उचललेली, डोकं खाली आणि नजर एकाच जागी, अशी अंग चोरून घुरघुरत असेल तर मी तिला त्याच दिवशी तपासेन.

आता त्या पिल्लाचं. "भांडणं होत नाहीत" हे मला पुरेसं वाटत नाही. मांजरींची बहुतेक भांडणं आवाज न करता चालतात. फिस्कारणं आणि मारामारी हा फार पुढचा टप्पा. त्याआधी एक मांजर जागा अडवते आणि दुसरी ती सोडून देते. बोका पॅसेजच्या मधोमध आरामात पसरलेला दिसतो. त्याच्या पलीकडे बाल्कनी आणि बाल्कनीत लिटर ट्रे. मनी दारापर्यंत येते, त्याच्याकडे बघते, तो टक लावून बघतो. ती नजर फिरवते, ओठांवरून एकदा जीभ फिरवते, बसून खांदा चाटायला लागते आणि परत फिरते. घरच्यांना हे सगळं प्रेमाने नांदणं वाटतं. मनीला मात्र शी-शूला जायला मिळालेलं नसतं.

खरी मैत्री वेगळी दिसते. समोरासमोर आल्यावर शेपट्या उभ्या राहतात, नाकाला नाक लागतं, एकमेकांना चाटतात, झोपताना अंगाला अंग टेकलेलं असतं. शेजारी दोन हातांच्या अंतरावर झोपणं म्हणजे फक्त खपवून घेणं. खेळ चालू असेल तर पाठलाग करणारा आणि पळणारा यांची अदलाबदल होते आणि दोघंही मधे थांबतात. नेहमी मनीच पळत असेल आणि कपाटावर किंवा दिवाणाखाली जाऊन थांबत असेल, तर तो तिच्यासाठी खेळ नाही. सांधे दुखत असतील तर उंचावर पळायचा रस्ताही बंद झालेला असतो. अशा वेळी मांजर एका खोलीत राहायला लागते आणि आपण म्हणतो, शांत झाली.

उपाय अवघड नाहीत. लिटर ट्रे मांजरींच्या संख्येपेक्षा एक जास्त, म्हणजे तुमच्याकडे तीन, आणि तिन्ही एका ओळीत नकोत. वन बीएचके असेल तरी एक बाल्कनीत, एक बाथरूममध्ये, एक हॉलच्या कोपऱ्यात मावतो; मनीच्या वाटणीच्या ट्रेची एक कड बुटकी ठेवा. खाण्याची भांडी अशा जागी की जेवताना एकमेकांचं तोंड दिसणार नाही. मनीच्या आवडत्या खिडकीपाशी जायला मधे एक स्टूल किंवा खोका ठेवा. बोक्याला दिवसातून दोन-तीनदा दोरीच्या खेळण्याने दमवा. त्याची सहा-आठ महिन्यांची ताकद मनीवर खर्च होऊ देऊ नका. आणि त्याची नसबंदी राहिली असेल तर आता उशीर करू नका.

बाकी खुणांमध्ये मला दोनच गोष्टींचा आग्रह आहे. पहिली, एकाच अवयवावरून निष्कर्ष काढू नका. डोळ्यांच्या बाहुल्या मोठ्या झाल्या तर ती घाबरलेली असेल, खेळायच्या तयारीत असेल, किंवा खोलीत नुसता अंधार असेल. शेपटी उभी आणि टोक वाकडं, ती तुमच्याकडे चालत येतेय, तर ते स्वागत. शेपटी उभी, पिंजारलेली, पाठीची कमान आणि अंग आडवं, तर ती भ्यालेली आहे. जर्मन प्राणिवर्तनतज्ज्ञ पॉल लेहाउझेन यांनी मांजरीच्या चेहऱ्याचे आणि अंगाचे तक्ते मांडले, त्यात भीती आणि आक्रमकता हे दोन स्वतंत्र अक्ष आहेत. कमान ही दोन्ही एकदम चढल्यावर दिसते. म्हणून कमान करून फिस्कारणारी मांजर "अंगावर येतेय" असं समजून तिला ओरडलात तर भीती वाढते आणि हल्ला नक्की होतो. मागे सरका, तिला पळायला वाट ठेवा, दार उघडं सोडा. दिवाळीत फटाक्यांच्या आवाजाने पलंगाखाली शिरलेल्या मांजरीलाही ओढून बाहेर काढू नका. लपणं हाच तिचा इलाज आहे. तिथेच एक चादर टाका आणि पाणी जवळ ठेवा.

दुसरी, तुलना तिची तिच्याशीच करा. काही मांजरी जन्मभर मांडीवर बसत नाहीत आणि उत्तम असतात. काही दिवसभर बोलतात. पिल्लाला दोन ते सात आठवड्यांच्या वयात माणसांचा हात किती लागला यावर बराच फरक पडतो, आणि तो काळ बहुतेक वेळा आपल्या हातात नसतो. जी बडबडी होती ती गप्प झाली, जी एकटी असायची ती एकदम चिकटायला लागली, जी दारात यायची ती यायची थांबली, अशा बदलांकडे बघा.

तिच्याशी तिच्या पद्धतीने बोलायचं असेल तर समोर थोडं अंतर ठेवून बसा, डोळे अर्धे मिटा, हळूच पूर्ण मिटा आणि सावकाश उघडा. ससेक्सच्याच संशोधकांनी 2020 मध्ये दाखवलं की माणसाने असं केल्यावर मांजरी स्वतःही डोळे किलकिले करतात, आणि अनोळखी माणसाच्या पुढे केलेल्या हाताकडेही जास्त वेळा येतात. टक लावून बघणं मात्र टाळा. पाहुण्यांनाही हेच सांगा. म्हणून तर घरात मांजर न आवडणाऱ्या पाहुण्याकडेच ती पुष्कळदा जाते: तो तिच्याकडे बघत नाही आणि तिला उचलायलाही येत नाही.

चावा लागून रक्त आलं तर जखम वाहत्या पाण्याखाली साबणाने पंधरा मिनिटं धुवा आणि त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवा, मांजर घरची असली तरी. मांजरीचा दात बारीक असतो. वरची जखम लगेच मिटते आणि आत पू होतो. रेबीजच्या लशीचा निर्णय डॉक्टरांवर सोडा, आणि दोन्ही मांजरींचं दरवर्षीचं लसीकरण चुकवू नका.

पुढच्या चार-पाच दिवसांत मनीचे तीन छोटे व्हिडिओ काढा: सोफ्यावर किंवा पलंगावर चढताना आणि उतरताना, लिटर ट्रेमध्ये जाताना, आणि बोका समोर असताना तिचं चालणं. दवाखान्यात मांजर टेबलावर दगड होऊन बसते, तिथे तिची चाल दिसत नाही. घरचा व्हिडिओ मला एक्स-रेइतकाच उपयोगी पडतो. तिला नेण्याच्या आठवडाभर आधी कॅरिअर हॉलमध्ये उघडा ठेवा, आत तिची चादर आणि खाऊ टाका, म्हणजे त्या दिवशी पाठलाग करावा लागणार नाही.

आणि एक खूण त्या बोक्यासाठी पाठ करून ठेवा. तो वारंवार लिटरमध्ये जाऊन बसतोय, जोर करतोय, ओरडतोय, खालचा भाग सारखा चाटतोय आणि लघवी थेंबभर किंवा अजिबात होत नाही, तर ते बद्धकोष्ठ समजून तेल-तूप देत बसू नका. बोक्याची मूत्रनलिका अरुंद असते आणि ती तुंबली की दोन दिवसांत जीव जाऊ शकतो. तोंड उघडं टाकून धापा टाकणाऱ्या मांजरीलाही हेच लागू. कुत्र्याचं धापा टाकणं नेहमीचं, मांजरीचं नाही. या दोन्हीत सकाळ होण्याची वाट बघायची नाही. रात्री चालू असणारा जवळचा दवाखाना कोणता, हे आजच विचारून त्याचा नंबर फ्रिजवर लावून ठेवा.